जगबुडीसाठी रफू

जगबुडीच्या दिवशी सकाळी दहाला थोरली औषधवाल्यांना गाडी मागं घ्यायला शिकवत होती, आणि औषधवाले गाडी पुढं नेत होते. तेरावा धडा होता. पन्नाशी उलटलेला माणूस, उभा जन्म डॉक्टरांची अक्षरं वाचण्यात गेलेला, पण गिअरच्या दांड्यावरची खूण काही त्याला वाचता येत नव्हती. शिकवणाऱ्याच्या पायाशी वेगळा ब्रेक असतो. तो थोरलीनं गच्च दाबला आणि गाडी भिंतीपासून वीतभर अंतरावर थांबली. तेवढ्यात तिचा फोन वाजला.

"नेत्रपेढीतून बोलतेय. आज पहाटे एक दान आलंय. तुमच्या आईंचा नंबर लागतोय. उपाशीपोटी, दोनच्या आत दाखल करा."

दोन वर्षं झाली होती यादीत नाव घालून. आईचा डावा डोळा लहानपणीच्या तापात गेला होता, आणि उजव्या डोळ्याचा पुढचा पडदा, जो काचेसारखा लखलखीत असायला हवा, तो दुधाळ होत चालला होता. आता तो काढून दुसऱ्याचा बसवायचा, एवढा एकच उपाय होता.

"येतो, येतो, लगेच येतो," थोरली म्हणाली.

"नक्की ना? कारण मागच्या महिन्यातही आम्ही फोन केला होता. त्यांनी नको म्हणून सांगितलं."

"कुणी?"

"तुमच्या आईंनी. म्हणाल्या, मला लागणार नाही, दुसऱ्या कुणाला तरी द्या. आज त्यांचा फोन बंद आहे म्हणून अर्जावरच्या दुसऱ्या नंबरावर केला. आजही नाही आलात तर नाव यादीच्या तळाला जाईल. आमचा नियम आहे."

थोरलीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मागच्या महिन्यात! म्हणजे महिनाभर ही बाई रोज संध्याकाळी समोर बसून जेवली, भाजीत मीठ कमी आहे म्हणून कुरकुर केली, आणि एक डोळा परत पाठवला हे सांगायला विसरली!

विसरली कसली! नको म्हणण्याचं कारण थोरलीला न सांगता कळलं होतं. तारीख. त्या मंडळाची तारीख.

ते मंडळ म्हणजे टायरच्या दुकानावरच्या सभागृहात भरणारी चाळीस-एक माणसं. त्यांचे प्रमुख एक निवृत्त गणिताचे मास्तर. जन्मभर मुलांना त्रैराशिकं घालून दमले नाहीत म्हणून म्हातारपणी ते धर्मग्रंथातले आकडे घेऊन बसले, आणि त्यातून त्यांनी जग बुडायची तारीख काढली. आजची. सूर्य मावळायच्या आत. ग्रंथात पुढं असंही लिहिलंय म्हणे की त्या दिवशी देवासमोर अखंड वस्त्रात यावं. अखंड म्हणजे काय यावर तीन आठवडे काथ्याकूट झाला आणि मास्तरांनी निकाल दिला, अखंड म्हणजे भोक नसलेलं. झालं! चाळीस जणांनी आपापले ठेवणीतले कोट काढले, आणि कुठं कसर लागलेली, कुठं कोपर झिजलेलं, कुठं सिगारेटनं जळलेलं. नवीन कोट कुणी घेईना. चार दिवसांसाठी नवीन कशाला?

आणि आई होती रफूवाली. चाळीस वर्षं तिनं तेच केलं होतं. कापडाच्याच आतल्या शिवणीतून धागा उपसायचा आणि उभा-आडवा असा विणायचा की जळलं कुठं होतं हे मालकालाही सापडू नये. पण दीड वर्षापासून ड्रायक्लीनिंगवाल्यानं काम पाठवणं बंद केलं होतं. "आता लोक रफू करत नाहीत हो, नवीन घेतात," असं तो म्हणाला. आई खिडकीपाशी रिकाम्या हातानं बसून राहायची. मग एक दिवस मंडळातला न्हावी कोट घेऊन आला. त्याच्यामागून दुसरा, तिसरा. आई पुन्हा पहाटे उठायला लागली, गुणगुणायला लागली, आणि आठव्या कोटापर्यंत तिचा जगबुडीवर विश्वास बसला होता.

थोरलीनं तेव्हाच ब्रेक दाबायला हवा होता. नाही दाबला. आई हसत होती ना, मग बुडेना का जग, असं तिला वाटलं होतं.

तिनं धाकट्या भावाला फोन लावला. तो दुसऱ्या गावी असायचा आणि कायम मीटिंगमध्ये असायचा. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "ताई, तूच बघ ना. तुला जमतं तिच्याशी."

"मला जमतं! गेली दोन वर्षं मला काय काय जमतंय ते येऊन बघ एकदा," असं म्हणून थोरलीनं फोन आपटला. मग औषधवाल्यांना म्हणाली, "उतरा. आजचा धडा संपला."

"अजून अर्धा तास आहे माझा," औषधवाले म्हणाले.

"मग मागं बसा!"

ते मुकाट्यानं मागं बसले. थोरलीनं चाक हातात घेतलं आणि डोक्यावर 'शिकाऊ' पाटी मिरवत ती गाडी अशी सुटली की चौकातल्या पोलिसानं शिट्टी तोंडात घातली आणि फुंकायची राहून गेली.

सभागृहाच्या दारात न्हावी उभा होता. अंगात कोट, पाय उघडे. "बूट काढा," तो म्हणाला. "आणि परत मिळणार नाहीत. सगळ्यांचे काल गरजूंना वाटून टाकले. आता लागायचे नाहीत."

"मला लागणार आहेत. मला खाली गाडीपर्यंत जायचंय. आईला घेऊन."

"आतून कुणालाच नेता येणार नाही. एकदा जागेवरून उठलेल्याला परत जागा नाही."

"फार छान," थोरली म्हणाली आणि बुटासकट आत गेली.

आत बाकांच्या रांगा होत्या. माणसं अगदी ओळीनं बसली होती, परीक्षेला बसावीत तशी, सगळी कोटात आणि घामाघूम. समोर फळा होता. फळ्यावर वरपासून खालपर्यंत आकडेमोड आणि तळाला आजची तारीख, तिच्याखाली दोन रेघा. आई तिसऱ्या रांगेत कडेला होती. निळा कोट, मांडीवर हात. थोरली तिच्यासमोर उकिडवी बसली.

"आई, चल. डोळा आलाय."

आईनं आवाजाच्या दिशेला मान वळवली. "कुणाचा?"

"ते सांगत नाहीत. दोनच्या आत पोहोचायचंय. खाल्लं आहेस का काही?"

"आज आमचा उपास आहे."

"चला, जगबुडीचा एवढा तरी उपयोग झाला. ऊठ."

"अगं, संध्याकाळपर्यंत थांब ना. संध्याकाळी नाहीच बुडालं तर येते मी."

"दोनला पोहोचायचंय, आई! दोनला! सूर्य सहाला मावळतो. तो डोळा काय खुंटीला टांगून ठेवणार आहेत का तुझ्यासाठी?"

"मग दुसऱ्या कुणाला तरी द्या."

थोरलीनं कपाळावर हात मारून घेतला. तेवढ्यात मास्तर फळ्यापासून चालत आले. काळा कोट, शांत चेहरा. असला शांत चेहरा बघितला की थोरलीला आणखीच संताप यायचा. "ताई," ते म्हणाले, "तुमची तळमळ मला कळते. पण सात तासांसाठी कुणी डोळा बदलतं का? हिशोबच चुकतो."

"हिशोब तुमचाच चुकलाय," थोरली म्हणाली. "याआधी दोनदा चुकलाय. एकदा वसंतात आणि एकदा मी नवीन गाडी घेतली तेव्हा. तेव्हा तर तुम्ही सांगितलं होतंत की गाडी कशाला घेता. घेतली, आणि तीच खाली उभी आहे."

मागच्या रांगेत कुणीतरी खोकलं. मास्तरांनी खोकल्याकडं बघितलं नाही.

"मी आईला उचलून नेईन," थोरली म्हणाली. "नाहीतर ती स्वतः येईल. पण येईल."

"नको गं," आई म्हणाली, आणि तिनं थोरलीचा हात धरून खाली ओढला. मग एवढ्या हळू आवाजात बोलली की मास्तरांनाही वाकावं लागलं असतं. "हा एकच आहे मला. यातून अजून उजेड कळतो. खिडकी कुठं आहे ते कळतं. तू आत आलीस की सावली हलते, तेही कळतं. तो कापला आणि नाही जमलं तर? मग तेवढंही गेलं. मागच्या महिन्यात त्यांचा फोन आला ना, तेव्हा मी खिडकीला धरून उभी राहिले. मग आठवलं, जग तर बुडणारच आहे, मग कशाला जायचं? इतकं बरं वाटलं मला. किती बरं वाटलं म्हणून सांगू."

म्हणजे धर्म नव्हे, गणित नव्हे, काही नव्हे. भीती. आणि ती भीती इतकी रास्त होती की तिच्यावर ओरडायचं कसं हे तिला कळेना. तिला आईला पोटाशी धरावंसं वाटलं आणि गदागदा हलवावंसंही वाटलं.

मास्तरांनी आईच्या खांद्यावर हात ठेवला. "बाई, घाबरू नका. थोडेच तास राहिलेत."

त्यांचं कोपर थोरलीच्या नाकासमोर आलं, आणि त्या कोपरावर आईचं रफू होतं. काळ्या कापडावर तपकिरी धाग्याचा गोळा, कडेनं चुण्या पडलेल्या, उकडलेल्या बटाट्यासारखा फुगलेला. तिनं पलीकडे बघितलं. न्हाव्याच्या खिशावर तसाच एक. पुढच्या बाईच्या पाठीवर तर बोटभर लांबीचा. चाळीस माणसं आपापले गोळे अंगावर घेऊन देवाची वाट बघत होती, आणि एकानंही आईला सांगितलं नव्हतं. थोरलीनंही नाही. पहिला कोट बघितला तेव्हाच तिला कळलं होतं. ड्रायक्लीनिंगवाल्यानं काम का थांबवलं तेही तेव्हाच कळलं होतं. आणि तिनं मूग गिळले होते.

आता मात्र तिचा संयम सुटला.

"आई, हे कोपर चाचपून बघ," ती म्हणाली, आणि मास्तरांचा हात धरून आईच्या मांडीवर ठेवला.

"ताई!" मास्तर म्हणाले. त्यांनी हात मागं घ्यायला बघितलं, पण थोरलीनं मनगट सोडलं नाही. गाडीचं चाक चुकीच्या बाजूला फिरवणारे हात रोज धरायची तिला सवय होती.

आईची बोटं कोपरावरून फिरली. एकदा. मग परत, अगदी सावकाश. एका जागी थांबली. तिथली चुणी तिनं नखानं उचलून बघितली.

"हे कुणी केलं?" आईनं विचारलं.

न्हाव्यानं आपल्या खिशावर हात ठेवला.

"मी?"

"भक्तीनं केलेलं काम आहे, बाई," मास्तर म्हणाले. "देव काही टाके मोजत नाही."

"भक्ती राहू द्या. धागा कुठल्या रंगाचा आहे?"

मास्तर फळ्याकडं बघायला लागले. उत्तर येत असूनही ते देता येत नाही, असं त्यांचं आयुष्यात पहिल्यांदाच होत होतं.

"कोट काळा आहे, आई," थोरली म्हणाली. "धागा तपकिरी. कोटातला नाहीच, दुसऱ्याच रिळाचा."

आई उठली. न्हावी दारातून ओरडला, "बाई, उठू नका! उठलेल्याला जागा नाही!" पण आई उठून पुढच्या रांगेतल्या बाईच्या पाठीपर्यंत पोहोचली होती. तिथं हात फिरवला. पुढच्या माणसाची बाही पकडली. पुढच्याची कॉलर. एकदोघांनी कोपरं झाकून घेतली, पण ती वास काढावा तशी बरोबर भोकावर जात होती. पाचव्या कोटावर ती थांबली आणि तिचा आवाज फाटला.

"हे घालून तुम्ही देवासमोर जाणार होतात? माझं काम म्हणून? काढा. काढा तो कोट, मास्तर!"

"आता वेळ कुठं आहे, बाई?"

"वेळ नाही कसा? काढा म्हणते ना!"

आणि मास्तरांनी कोट काढला. आतला सदरा घामानं अंगाला चिकटला होता, आणि त्यात ते एकदम कुणाचेतरी साधे म्हातारे वडील दिसायला लागले. आईनं कोट काखेत मारला. "कुठं आहे तुझी गाडी?" ती थोरलीला म्हणाली.

गाडीत आई पुढं बसली, शिकवणाऱ्याच्या जागेवर, अनवाणी, ब्रेकवर पाय ठेवून. "तो दाबू नकोस," थोरली म्हणाली. मागं औषधवाले अंग चोरून बसले होते. आईनं कोट मांडीवर पसरला आणि कोपर पुन्हा चाचपलं.

मग आई म्हणाली, "जग बुडणार म्हणून सांगायला चाळीस जण घरी आले. रफू बिघडलंय म्हणून सांगायला एक नाही."

थोरलीनं गिअर बदलला.

"तू कधीपासून बघत होतीस?"

"पहिल्या कोटापासून."

"आणि बोलली नाहीस."

"तू गुणगुणत होतीस, आई."

"म्हणून काय झालं? तू तर कुणाचीच गय करत नाहीस."

"खरं आहे," औषधवाले मागून म्हणाले. "मला तर प्रत्येक वळणाला ऐकवतात."

"तुम्ही गप्प बसा हो!" थोरली ओरडली, आणि तिचे डोळे भरून आले. समोरचा सिग्नल धूसर दिसायला लागला. आईला सगळं जग असंच दिसत असणार, असं तिला वाटलं, आणि तिनं बाहीनं डोळे पुसले.

हॉस्पिटलात पोहोचले तेव्हा दीड वाजला होता. अर्ज, सह्या, रक्त, पुन्हा अर्ज. डॉक्टरीणबाई तरुण होत्या आणि घाईत होत्या, पण आईनं त्यांना सोडलं नाही. टाके किती घालणार? सोळा. धागा कसला? केसाहून बारीक. कुठल्या रंगाचा? काळा. सुई सरळ की वाकडी? डॉक्टरीणबाई आधी हसल्या आणि मग खुर्ची ओढून बसल्या, कारण असले प्रश्न त्यांना कुणी विचारत नसावं.

"नीट होतं का सगळ्यांचं?" आईनं शेवटी विचारलं.

"दहातल्या आठांचं होतं."

"उरलेल्या दोघांना तुम्ही सांगता? की चांगलं दिसतंय म्हणता?"

"सांगते," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "त्याच दिवशी सांगते."

"मग करा," आई म्हणाली, आणि मास्तरांचा कोट थोरलीच्या हातात दिला.

नंबर लागेपर्यंत पाच वाजले. थोरली बाहेरच्या बाकावर बसली. समोर मोठी खिडकी होती आणि खिडकीत छपरांच्या वर सूर्य. सहाला दहा मिनिटं कमी असताना तो छपराला टेकला. थोरलीचा या असल्या गोष्टींवर काडीचा विश्वास नव्हता. तरी तिचा उजवा पाय फरशीवर दाबला गेला होता, इतका की पोटरीत गोळा आला. आत एकच डोळा, सोळा टाके, आणि बाहेर हा भराभरा खाली चाललेला. आज पहाटे कुणाच्यातरी घरी खरंच जग बुडालं होतं, आणि त्या घरातल्या कुणीतरी रडता रडता एका अर्जावर सही केली होती, हे तिच्या मनात आलं. थांब ना जरा, असं ती सूर्याला म्हणाली. तो थांबला नाही. दिवे लागले. साडेसहाला डॉक्टरीणबाई टोपी काढत बाहेर आल्या. "एकही टाका सैल नाही," त्या म्हणाल्या. "पुढचं सहा महिन्यांनी कळेल."

दुसऱ्या दिवशी मास्तर आले, पायात कुणाचेतरी मोठे बूट घालून. हिशोबात एक हातचा धरायचा राहिला होता म्हणे. नवी तारीख पुढच्या वर्षाची होती. थोरलीनं त्यांच्यापुढं हात टेकले. आई मात्र पट्टी बांधलेल्या डोळ्यानं म्हणाली, "मग वेळ आहे. कोट माझ्याकडेच राहू दे."

सहा महिन्यांत टाके एकेक करून निघाले. जाड भिंगाचा चष्मा लागला. पहिल्या दिवशी आईनं थोरलीचं तोंड बघितलं आणि म्हणाली, "किती वाळलीस गं." दुसऱ्या दिवशी कोट मागितला. खिडकीपाशी बसून ते कोपर तिनं डोळ्याजवळ धरलं आणि कितीतरी वेळ बघितलं.

"फारच वाईट आहे," ती म्हणाली.

"हो," थोरली म्हणाली.

आईनं सगळं उसवलं. कोटाच्या आतल्या शिवणीतून काळे धागे उपसले, आणि चार दिवस ती त्या भोकावर बसली. गुणगुणली नाही. पाचव्या दिवशी थोरली कामावरून आली तेव्हा तिनं कोट पुढं केला. "बघ. दिसतंय का?"

थोरली कोट घेऊन उजेडात गेली. कोपर ताणून धरलं, तिरपं करून बघितलं. सुंदर काम होतं. आई हात मांडीवर ठेवून तिच्याकडं बघत होती, चष्म्यामागून, सरळ तिच्या तोंडाकडं. आता तिच्यापासून तोंड लपवायची सोय राहिली नव्हती.

"दिसतंय," थोरली म्हणाली. "वरच्या कडेला. जरासं. मला माहीत आहे म्हणून दिसतंय, पण दिसतंय."

"आण इकडं," आई म्हणाली. तिनं वरच्या कडेचा धागा सुईच्या टोकानं उचलला, ओढून काढला, आणि पुन्हा पहिल्यापासून घालायला घेतला.